लेनीची कात्री

१९३६ चं ऑलिंपिक संपलं, खेळाडू आपापल्या देशी परतले, बर्लिनच्या रस्त्यांवरचे झेंडे उतरले आणि नॉयकोल्न भागातल्या गायर या फिल्म-लॅबमध्ये डब्यांच्या चळती लागल्या. चार लाख मीटर फिल्म. तासांत मोजली तर जवळपास अडीचशे तासांची. रोज आठ तास बसून नुसती बघायची म्हटली तरी महिना जावा. ही सगळी फिल्म बघायची, निवडायची, कापायची आणि जोडायची जबाबदारी एका बाईनं स्वतःकडे घेतली होती. हाताखाली मदतनीस होते, पण शेवटचा निर्णय ती कुणावर सोडायची नाही. वय चौतीस. दहाच वर्षांपूर्वी ती पडद्यावर नाचणारी नटी म्हणून लोकांसमोर आली होती.

लेनी रीफेनश्टालला जग ओळखतं ते हिटलरची सिनेमावाली म्हणून, आणि त्यात खोटं काही नाही. पण सिनेमाच्या कामात तिचा खरा हात कशात होता असं विचाराल तर मी संकलनाचं नाव घेईन. नटी म्हणून ती बेताचीच होती. कथा रचायला बसली की भाबडी व्हायची. मात्र फिल्मचे हजार तुकडे समोर टाकले, की कुठला तुकडा कुठल्या तुकड्याला लावल्यावर थिएटरातला माणूस खुर्चीत पुढे सरकेल, हे तिला बिनचूक कळायचं. कुठला तुकडा टोपलीत टाकायचा तेही कळायचं. तिची सगळी कारकीर्द टाकून दिलेल्या तुकड्यांच्या अंगानं सांगता येते, आणि मला ती तशीच सांगायची आहे.

जन्म १९०२ चा, बर्लिनच्या वेडिंग या कामगारवस्तीतला. वडिलांचा हीटिंगच्या यंत्रणा बसवण्याचा धंदा. मुलीनं नाचावं हे त्यांना मुळीच मान्य नव्हतं. ती नाचलीच. हॅरी सोकाल या पैसेवाल्या चाहत्यानं तिच्या कार्यक्रमांना पैसे पुरवले, दौरे झाले, आणि मग गुडघा दुखावला. पुढची गोष्ट तिनं स्वतः सांगितलेली. तिच्या गोष्टी जरा पारखूनच घ्याव्या लागतात. गुडघा दाखवायला डॉक्टरकडे जाताना नोलेनडॉर्फप्लाट्झच्या भुयारी स्टेशनात तिला डोंगरावरच्या एका चित्रपटाचं पोस्टर दिसलं. गाडी आली नि गेली, ही डॉक्टरऐवजी थिएटरात जाऊन बसली.

चित्रपट आर्नोल्ड फांकचा होता. फांक शिकलेला भूगर्भशास्त्र, पण आल्प्सच्या बर्फात कॅमेरे चढवून चित्रपट काढण्याचं वेड लागलेला माणूस. अशा चित्रपटांचा जर्मनीत एक पंथच तयार झाला होता. लेनीनं त्याला गाठलं आणि १९२६ मध्ये त्याच्या 'पवित्र पर्वत' या मूकपटात ती नर्तकीच्या भूमिकेत आली. पुढची सहासात वर्षं ती फांकची नायिका होती. 'पिझ पालूचा शुभ्र नरक', 'माँ ब्लांवरची वादळं', 'धवल धुंदी' अशा चित्रपटांत ती कडे चढली, बर्फाच्या लोंढ्यांखाली उभी राहिली, थंडीनं गारठली. आज ते चित्रपट पाहताना तिच्या अंगातल्या धाडसाचं कौतुक वाटतं. अभिनय मात्र डोळे विस्फारणं आणि धावणं याच्या पुढे फारसा जात नाही.

शूटिंग नसेल तेव्हा ती कॅमेरामन मंडळींच्या मागेमागे असायची. कुठलं भिंग कशाला, फिल्टर लावला की आभाळ कसं काळवंडतं, हे सगळं तिनं विचारून घेतलं. फांक आपले चित्रपट स्वतःच जोडायचा. त्याच्या टेबलाशी बसून तिनं पाहिलं, की दोन वेगळ्या डोंगरांवर, दोन वेगळ्या दिवशी घेतलेली दृश्यं शेजारी आली की प्रेक्षकासाठी तो एकच डोंगर आणि एकच क्षण होतो.

१९३२ मध्ये तिनं 'निळा प्रकाश' हा स्वतःचा चित्रपट काढला. पैसे सोकालचे. पटकथेत आणि दिग्दर्शनातही मोठा हात बेला बालाझचा. हा हंगेरियन ज्यू लेखक तेव्हाच्या युरोपात सिनेमावर सगळ्यात खोल विचार करणाऱ्यांपैकी एक होता. कॅमेरा हान्स श्नीबर्गरचा. डोंगरातल्या गावाबाहेर राहणारी, गावानं चेटकीण ठरवलेली मुलगी ही भूमिका लेनीनंच केली, आणि झारन दरीतल्या खऱ्या शेतकऱ्यांना तिनं कॅमेऱ्यासमोर उभं केलं. चित्रण संपल्यावर जोडणी तिच्या मनासारखी जमेना, म्हणून फिल्म फांककडे गेली. तिनं लिहून ठेवलंय, की फांकनं रातोरात सगळं उलटंपालटं करून टाकलं. ती रडली, आणि मग शेकडो तुकडे पुन्हा सुटे करून आपल्या हातानं नव्यानं जोडले. गुरूवरचा राग यात किती मिसळलेला आहे सांगता येत नाही, पण त्यानंतर आपल्या फिल्मला तिनं दुसऱ्याचा हात लागू दिला नाही हे खरं.

चित्रपट व्हेनिसला गाजला. बालाझ तोवर मॉस्कोला गेला होता आणि त्याच्या कामाचे पैसे थकले होते. त्यानं मागणी केली. डिसेंबर १९३३ मध्ये लेनीनं हॉटेल कायझरहोफच्या कागदावर चार ओळी लिहिल्या आणि या 'ज्यू'च्या मागणीचं काय करायचं ते पाहण्याचे अधिकार युलियस श्ट्रायशरला देऊन टाकले. श्ट्रायशर म्हणजे 'डेअर श्ट्युर्मर' या ज्यूद्वेषानं बरबटलेल्या साप्ताहिकाचा मालक-संपादक. त्याच्या हाती प्रकरण गेल्यावर जर्मनीत पाऊल टाकायची सोय बालाझला उरली नाही. १९३८ मध्ये 'निळा प्रकाश' पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा श्रेयनामावलीतून बालाझ आणि सोकाल ही दोन्ही नावं गेलेली होती. राहिलं ते तिचं.

हिटलरला तिनं १९३२ च्या सुरुवातीला बर्लिनच्या स्पोर्ट्सपालास्टमधल्या सभेत ऐकलं, स्वतः होऊन पत्र लिहिलं आणि उत्तर समुद्राच्या किनाऱ्यावर त्याची भेटही घेतली. सत्तेवर आल्यावर त्यानं १९३३ चं न्यूर्नबर्गचं पक्ष-अधिवेशन तिच्याकडे सोपवलं. त्यावर तिनं काढलेला 'श्रद्धेचा विजय' तासाभराचा होता आणि बराच ओबडधोबड. त्यात जागोजागी हिटलरच्या बरोबरीनं पक्षाच्या तपकिरी डगलेवाल्या एसए फौजेचा प्रमुख एर्न्स्ट रोम दिसतो. पुढच्या उन्हाळ्यात हिटलरनं रोमला गोळ्या घालून मारवलं. आता हा चेहरा कापून काढायचा तर चित्रपटच उरत नव्हता. मग चित्रपटच चलनातून काढून घेतला. कित्येक वर्षं तो कुणाच्या पाहण्यात नव्हता.

सप्टेंबर १९३४ च्या अधिवेशनाला ती तयारीनं गेली. माणसं पावणेदोनशेच्या घरात. कॅमेरामन गर्दीत उठून दिसू नयेत म्हणून त्यांना एसएचे गणवेश घातलेले. लुइटपोल्ड मैदानातल्या ध्वजस्तंभाला लिफ्ट बसवली, जेणेकरून कॅमेरा सरळ वर सरकत जाईल आणि खाली माणसांचे ठोकळे पसरत जातील. हिटलरच्या व्यासपीठाभोवती रूळ टाकले. भाषण एका जागी उभं राहून चाललेलं असतं, पण कॅमेरा त्याच्याभोवती फिरतो आणि बोलणारा माणूस सारखा हलत असल्यासारखा वाटतो.

साठ तासांहून जास्त फिल्म निघाली. त्यातून दोन तासांच्या आतला 'इच्छाशक्तीचा विजय' तयार व्हायला सुमारे पाच महिने लागले.

आज संगणकावर बोट सरकवून जे होतं ते त्या काळी हातांचं काम होतं. फिल्म नायट्रेटची, ठिणगी पडली तर भडकणारी. हातात सुती मोजे. तुकडा दिव्यासमोर धरायचा, चौकट ठरवायची, कापायचं. टोकावरचा रासायनिक थर पात्यानं खरवडायचा, त्यावर फिल्मचा डिंक लावायचा, दुसरं टोक त्यावर बसवून दाबून धरायचं. दर जोडाला हे सगळं. उरलेले तुकडे आकड्यांवर टांगायचे, शेपट्या खाली कापडी टोपल्यांत. एखादा जोड चुकला असं दुसऱ्या दिवशी वाटलं तर तो सोडवायचा, आणि खरवडण्यात एकदोन चौकटी कायमच्या जायच्या. लेनीनं संकलनाच्या खोलीत आतून उजेड सोडलेली दुधी काच लावून घेतली होती. तिच्यावर फिती शेजारीशेजारी धरून ती तुलना करायची. दिवसाचे चौदा-सोळा तास तिथेच.

या चित्रपटात निवेदक नाही. सुरुवातीच्या काही पाट्या सोडल्या तर कुणी काही समजावून सांगत नाही. जे सांगायचं ते जोडांनी. विमान ढगांतून खाली येतं, गल्ल्यांवरून त्याची सावली सरकते, खिडक्यांत चेहरे, मग हात, मग मोटारीत उभ्या माणसाची पाठ, त्याच्या तळव्यावर पडलेला उजेड. चेहरा जवळून दिसायला बराच वेळ जातो आणि तोवर प्रेक्षक त्याची वाट पाहायला लागलेला असतो. अधिवेशनाचा खरा क्रमही तिनं ठेवला नाही. आठवड्याभराचे कार्यक्रम तीनचार दिवसांत घडल्यासारखे लावले, कारण तिला सकाळ-दुपार-रात्र अशी लय हवी होती. हिटलरचा वास्तुविशारद आल्बेर्ट श्पेअर यानं तर पुढे लिहिलं, की काही नेत्यांच्या भाषणांचे तुकडे खराब निघाले म्हणून बर्लिनच्या स्टुडिओत व्यासपीठाचा देखावा उभारून त्यांना पुन्हा बोलायला लावलं होतं. युद्धानंतर हीच बाई आयुष्यभर सांगत राहिली, की मी फक्त घडलं ते टिपलं, तो निव्वळ माहितीपट होता.

तिच्या आठवणींतला एक प्रसंग इथे सांगण्यासारखा आहे. संगीतकार हेर्बेर्ट विंट आणि वादक संगीताचं ध्वनिमुद्रण करायला बसले. पडद्यावर सैनिक चालताहेत, पण कॅमेरे वेगवेगळ्या गतीनं चाललेले, त्यामुळे पावलं कुठे जलद, कुठे संथ. कूचगीताचा ठेका जुळेना. संगीत-संचालक थकला. मग म्हणे लेनीच पुढे झाली आणि तिनं वाद्यवृंद चालवला, कारण प्रत्येक जोड कुठे येतो हे तिला तोंडपाठ होतं. वाद्यवृंद खरंच तिनं चालवला की नाही देव जाणे. जोड तोंडपाठ असणार यावर मात्र माझा विश्वास आहे.

लष्कराचे सेनापती चित्रपटावर नाराज झाले. त्यांच्या कवायतीच्या दिवशी आभाळ भरलेलं होतं, चित्रं मळकट आलेली, आणि तिनं ती जवळपास सगळीच वगळली होती. शेवटी त्यांच्या समाधानासाठी पुढच्या वर्षी 'स्वातंत्र्यदिन' नावाचा वेगळा छोटा चित्रपट करून द्यावा लागला. सेनापतींच्या दबावापुढेही वाईट शॉट आत घ्यायचा नाही, याला काय म्हणायचं ते वाचकानं ठरवावं.

मग ऑलिंपिक. पैसा गोबेल्सच्या प्रचारखात्याचा, वर नाव एका कागदोपत्री कंपनीचं. कॅमेरे लावायला मैदानात खड्डे खणले, फुग्यांना छोटे कॅमेरे बांधून आकाशात सोडले. तिच्या कॅमेरामनांपैकी हान्स एर्टलनं पाण्याखाली चालणारा कॅमेरा केला. वाल्टर फ्रेंत्सनं मॅरेथॉनच्या सरावात धावणाऱ्याच्या गळ्यात टोपली अडकवून तीत छोटा कॅमेरा ठेवला, म्हणजे धावणाऱ्याला दिसतं ते दिसावं. बांबूच्या उडीची अंतिम फेरी अंधारापर्यंत चालली आणि चित्र नीट आलं नाही, तर दुसऱ्या रात्री त्याच खेळाडूंना बोलावून पुन्हा उड्या मारायला लावल्या. प्रेक्षक ती खरी फेरी म्हणूनच पाहतो.

अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथकही त्या उन्हाळ्यात बर्लिनमध्ये होतं, कबड्डीची प्रात्यक्षिकं दाखवायला. ध्यानचंदच्या संघानं १५ ऑगस्टला यजमान जर्मनीला हॉकीत ८-१ असं धुतलं. लेनीच्या चित्रपटात हॉकीला जागा थोडी. त्याबद्दल तिला फार बोल लावता येत नाही. अडीचशे तासांतून पावणेचार तास काढताना बऱ्याच देशांच्या वाट्याला थोडंच आलं. कोणता खेळ किती ठेवायचा हे ती गुणफलकावर ठरवत नव्हती. जेसी ओवेन्स भरपूर ठेवला, कारण त्याच्या धावण्यासारखं सुंदर चित्र दुसरं नव्हतं.

दीड वर्षाहून जास्त काळ ती गायर लॅबमध्ये राहिली म्हटलं तरी चालेल. त्यातले दोन तुकडे आजही संकलन शिकवताना दाखवतात. एक मॅरेथॉनचा. कोरियाचा सोन की-जुंग (तेव्हा जपानच्या झेंड्याखाली, जपानी नावानं धावणारा) जिंकला, पण शेवटाकडे तिथे जिंकण्याला महत्त्व उरत नाही. पावलं, डांबरी रस्ता, सावली, गवत, पुन्हा पावलं. पाय जड होत जातात तशी दृश्यं लांबत जातात, आणि संगीत त्या पायांना ओढून नेतं. दुसरा तुकडा दुसऱ्या भागाच्या अखेरचा, सूर मारणाऱ्यांचा. सुरुवातीला नावं आहेत, देश आहेत, पाणी उडतंय. हळूहळू निवेदकाचा आवाज जातो, मग पाणी जातं. एकामागून एक देह फळीवरून निघतात आणि खाली येतच नाहीत. आधीचा पाण्याला टेकायच्या आत पुढचा हवेत आलेला असतो. काही सूर तर उलटे फिरवलेले आहेत. शेवटी ढगांवर नुसत्या काळ्या आकृत्या. कोण कुठला, जिंकला की हरला, काही कळत नाही, आणि बघणाऱ्याला ते विचारावंसंही वाटत नाही. हे तिच्या कामाचं शिखर आहे असं मला वाटतं. आणि तिची भीती वाटते तीही इथेच: माणूस नाहीसा करून आकृती उरवणं तिला इतकं सहज जमत होतं.

चित्रपटाची धुक्यातल्या ग्रीक अवशेषांची प्रस्तावना बहुतांशी विली त्सील्केनं चित्रित केली. १९३७ मध्ये त्याला मनोरुग्णालयात टाकलं गेलं आणि नाझी कायद्याप्रमाणे त्याची सक्तीनं नसबंदी झाली. त्याची रिळं लेनीच्या टेबलावर आली आणि तिनं ती आपल्या पद्धतीनं लावली. प्रस्तावना नेमकी कुणाची, हा वाद दोघं म्हातारे झाले तरी मिटला नाही.

'ऑलिंपिया' नावाच्या या चित्रपटाचा पहिला खेळ २० एप्रिल १९३८ ला, हिटलरच्या वाढदिवशी झाला. आदल्या वर्षी व्हेनिसच्या ज्या महोत्सवात आपल्या प्रभातच्या 'संत तुकाराम'चा गौरव झाला होता, तिथेच या वर्षी 'ऑलिंपिया'ला मुसोलिनी करंडक मिळाला. तोही एका इटालियन चित्रपटाबरोबर वाटून. परीक्षकांतले इंग्रज आणि अमेरिकन संतापून बाहेर पडले, आणि फ्रेंचांनी आपला वेगळा महोत्सव काढायचं ठरवलं. कान महोत्सवाचा जन्म त्या भांडणातून झाला. नोव्हेंबरात लेनी चित्रपट घेऊन अमेरिकेला गेली. ती तिथे असतानाच जर्मनीत ज्यूंची दुकानं आणि सिनेगॉग जाळली गेली. हॉलिवूडची दारं बंद झाली. वॉल्ट डिस्नेनं तिला स्टुडिओ दाखवला, पण तिचा चित्रपट लावून घेतला नाही.

युद्ध सुरू झाल्यावर ती गणवेश घालून चित्रीकरणाची तुकडी पोलंडमध्ये घेऊन गेली. कोन्स्किए गावात जर्मन सैनिकांनी ज्यूंवर गोळ्या झाडल्या. त्या वेळचा तिचा एक फोटो आहे, चेहरा वेडावाकडा झालेला. ती तिथून निघून आली. नंतर म्हणायची, मी काही पाहिलं नाही.

मग तिनं पुन्हा नटी व्हायचं ठरवलं. 'टीफलांड' ही स्पेनमध्ये घडणारी कथा, नायिका स्वतः, दिग्दर्शन आणि संकलनही स्वतःचंच. स्पेनला जाणं युद्धामुळे अशक्य, तेव्हा सावळे चेहरे जर्मनीतच शोधले गेले. १९४० मध्ये साल्झबर्गजवळच्या मॅक्सग्लान छावणीतून पन्नासहून जास्त, आणि १९४२ मध्ये बर्लिनच्या मार्त्सान छावणीतून साठहून जास्त सिंती आणि रोमा (नाझी त्यांना 'जिप्सी' म्हणत) कैदी आणले, त्यांत लहान मुलंही. ही मंडळी भारतातून शतकांपूर्वी निघालेल्यांचे वंशज, भाषा आपल्याच कुळातली. काम संपल्यावर या माणसांना परत छावणीत पाठवलं गेलं. चित्रपट मात्र रखडत राहिला. युद्धानंतर फ्रेंचांनी रिळं पॅरिसला नेली, ती परत मिळायला वर्षं गेली, आणि १९५४ मध्ये 'टीफलांड' लागला तेव्हा तो कुणाला नकोसा झाला होता. आता पन्नाशी ओलांडलेल्या बाईनं चाळिशीच्या आसपास असताना केलेली तरुण नर्तकी.

नाझीमुक्तीच्या चौकश्यांत तिच्यावर 'बरोबर वाहत गेलेली' एवढाच शिक्का बसला. तिनं पुढे आफ्रिकेत नुबा लोकांचे फोटो काढले, सत्तरी उलटल्यावर समुद्रात खोल बुडी मारायला शिकली, शंभराव्या वर्षी समुद्राखालचा चित्रपट दाखवला. कुणी जुनं काढलं की कोर्टात जायची आणि बऱ्याचदा जिंकायची. १९८२ मध्ये नीना ग्लाडिट्झ या दिग्दर्शिकेनं 'टीफलांड'मधल्या जिवंत राहिलेल्या माणसांना शोधून एक माहितीपट केला. लेनीनं दावा लावला. निकाल बराचसा ग्लाडिट्झच्या बाजूनं गेला. छावणीतून माणसं घेतली, मजुरी दिली नाही, हे म्हणायला कोर्टानं हरकत घेतली नाही. पण पुढे आउशवित्झच्या मृत्युछावणीत या माणसांचं काय होणार हे लेनीला ठाऊक होतं, असं सुचवणारा भाग काढून टाका, असं सांगितलं. ग्लाडिट्झनं कापायला नकार दिला, आणि तिचा चित्रपट जर्मन दूरचित्रवाणीच्या कपाटात पडून राहिला.

२००२ मध्ये, शंभरीच्या उंबरठ्यावर, लेनीनं एका मुलाखतीत सांगितलं, की 'टीफलांड'मधले सगळे जिप्सी आम्हाला युद्धानंतर भेटले, एकालाही काही झालं नाही. कोलोनच्या रोमा संघटनेनं तक्रार केली, सरकारी वकिलांनी चौकशी उघडली. तिनं विधान मागे घेतलं आणि चौकशी बंद झाली. पुढच्या वर्षी ती गेली.

तिच्या कंपनीची १९४३ सालची एक यादी मात्र दप्तरात शिल्लक होती. मार्त्सानच्या माणसांच्या कामावर लावलेल्या खास कराचा हिशेब, नावनिशीवार. आउशवित्झच्या जिप्सी विभागाची नोंदवहीही वाचली होती. कैद्यांनीच ती १९४४ मध्ये बादलीत घालून जमिनीत पुरली आणि १९४९ मध्ये ती उकरून काढली गेली. संशोधकांनी दोन्ही याद्या घेऊन नावं जुळवली. बरीच जुळली.